पाच सामने, नऊ गोल : छेत्रीच्या कारकिर्दीतला अंधेरीचा हिस्सा

६ जून २०२४ रोजी कोलकात्यात कुवेतविरुद्धचा सामना संपला, तेव्हा सुनील छेत्रीच्या नावावर १५१ आंतरराष्ट्रीय सामने आणि ९४ गोल होते. त्यांतले ५ सामने त्याने अंधेरी पश्चिमेच्या शहाजी राजे भोसले क्रीडा संकुलात, म्हणजे ‘मुंबई फुटबॉल अरेना’त खेळले. त्या ५ सामन्यांत गोल ९. सामन्यांतला हिस्सा ३.३ टक्के, गोलांतला ९.६ टक्के. एकूण कारकिर्दीत सामन्यामागे ०.६२ गोल करणारा हा खेळाडू अंधेरीत सामन्यामागे १.८० गोल करत होता. वेग जवळजवळ तिप्पट.

मार्च २०२५ मध्ये छेत्री निवृत्ती मागे घेऊन परतला आणि मालदीवविरुद्ध त्याने ९५वा गोल केला. खालचा सगळा हिशेब मात्र पहिल्या निवृत्तीपर्यंतचा, १५१ सामने आणि ९४ गोलांचा आहे. पुनरागमनाचा विचार शेवटी.

पहिला गोल ३ सप्टेंबर २०१६चा. प्वेर्तो रिकोविरुद्धचा तो सामना मुंबईत १९५५ नंतर झालेला भारताचा पहिला आंतरराष्ट्रीय सामना होता. मध्ये ६१ वर्षे गेली. भारत ४-१ने जिंकला. नारायण दास, छेत्री, जेजे लालपेखलुआ आणि जॅकीचंद सिंग यांचा प्रत्येकी एक गोल. छेत्रीचा २६व्या मिनिटाला.

उरलेले ८ गोल जून २०१८च्या इंटरकॉन्टिनेन्टल कपमधले आहेत. १ जूनला चायनीज तैपेईविरुद्ध ३, ४ जूनला केनियाविरुद्ध २, ७ जूनला न्यूझीलंडविरुद्ध १ आणि १० जूनला अंतिम सामन्यात पुन्हा केनियाविरुद्ध २. दहा दिवस, ४ सामने, ८ गोल. स्पर्धेत भारताचे एकूण गोल ११ होते (५, ३, १ आणि २). त्यांतले ७३ टक्के एकट्या छेत्रीचे. बाकीचे ३ उदांता सिंग, प्रणय हलदर आणि जेजे यांचे. न्यूझीलंडविरुद्ध आणि अंतिम सामन्यात छेत्रीशिवाय भारताच्या एकाही खेळाडूने गोल केला नाही.

९ पैकी पेनल्टीवरचा गोल १. तो ४ जूनचा, ६८व्या मिनिटाचा. पहिल्या ३५ मिनिटांत ५ गोल झाले आणि ते तीन सामन्यांत विखुरले आहेत. हे तिन्ही सामने भारताने जिंकले आणि जिंकताना फरक ३, ५ आणि २ गोलांचा होता. छेत्रीचा पहिला गोल उत्तरार्धात आला असे सामने दोन. एक भारताने ३-० जिंकला, दुसरा न्यूझीलंडविरुद्ध १-२ हरला.

तुलनेसाठी एक नमुना आयताच हाती आहे. ऑगस्ट २०१७ मध्ये अंधेरीत तिरंगी मालिका झाली. भारताने मॉरिशसला २-१ने हरवले आणि सेंट किट्स अँड नेव्हिसशी १-१ बरोबरी केली. छेत्री त्या मालिकेत नव्हता. मालिका सुरू असतानाच, २३ ऑगस्टला, बंगळुरू एफसीची एएफसी कपची लढत होती. मैदान तेच, मोसम पावसाळ्याचाच, प्रशिक्षकही तेच स्टीफन कॉन्स्टंटाइन. छेत्रीसह ५ सामन्यांत भारताचे १५ गोल, सरासरी ३. छेत्रीविना २ सामन्यांत ३ गोल, सरासरी दीड. नमुना लहान आहे आणि दोन सामन्यांवरून सिद्धान्त मांडता येत नाही. पण सातही सामन्यांची बेरीज केली तर भारताने अंधेरीत १८ गोल केले आणि त्यांतले ९ छेत्रीचे. बरोबर निम्मे, आणि तेही दोन सामने मैदानाबाहेर असताना.

या पाच सामन्यांनी त्याच्या सरासरीचे काय केले? जून २०१८ पूर्वी त्याचे ९८ सामन्यांत ५६ गोल होते, म्हणजे ०.५७. दहा दिवसांनंतर १०२ सामन्यांत ६४, म्हणजे ०.६३. पुढच्या सहा वर्षांत ४९ सामन्यांत ३० गोल, ०.६१. अंधेरीचे पाचही सामने वगळले तर १४६ सामन्यांत ८५ गोल उरतात आणि सरासरी ०.५८ होते. म्हणजे पाच सामन्यांनी सरासरी चार शतांशांनी वर नेली. दोन दशकांच्या कारकिर्दीत एका मैदानाचा एवढा परिणाम नोंद घेण्याजोगा आहे. पण अंधेरी नसती तरी हा खेळाडू दर पाच सामन्यांत तीनच्या जवळपास गोल करणाराच राहिला असता.

६४ या आकड्याची त्या वेळी जगभर बातमी झाली, कारण लिओनेल मेस्सीचे आंतरराष्ट्रीय गोलही त्या दिवशी ६४च होते. मेस्सीला त्यासाठी १२४ सामने लागले होते, छेत्रीला १०२. प्रति सामना ०.५२ आणि ०.६३. ही तुलना छापायला सोपी होती, म्हणून ती सगळीकडे छापली गेली. तिच्यात गोल मोजले गेले. ते कोणाविरुद्ध झाले, हा रकाना कोरा राहिला.

जून २०१८ मध्ये भारत फिफा क्रमवारीत ९७वा होता. अंधेरीत आलेले तिन्ही संघ भारताच्या खाली होते. न्यूझीलंडने तर पहिल्या फळीतले बरेच खेळाडू आणलेच नव्हते. २०१६ साली आलेला प्वेर्तो रिकोचा संघ तेवढा अपवाद : तो ११४वा आणि भारत १५२वा. म्हणजे ९ पैकी ८ गोल खालच्या क्रमांकांच्या संघांविरुद्ध झाले. हा खेळाडूचा दोष नाही. समोर कोण येणार हे स्ट्रायकर ठरवत नाही. ते संघटना, क्रमवारी आणि पाहुण्यांच्या विमानखर्चाचे अंदाजपत्रक ठरवते. मात्र गोलांच्या संख्येला वजन द्यायचे तर हा रकाना भरावाच लागतो.

तो भरायला सौदी अरेबियाचे दोन निवृत्त स्ट्रायकर उपयोगी पडतात. पहिला माजेद अब्दुल्ला. रियाधच्या अल नासर या एकाच क्लबकडून खेळला. देशासाठी ११७ सामने, ७२ गोल. सरासरी ०.६२, म्हणजे छेत्रीएवढीच, फरक तिसऱ्या दशांश स्थळाचा. दुसरा सामी अल-जाबेर, अल हिलालचा. १५६ सामने, ४६ गोल, सरासरी ०.२९. नुसत्या सरासरीवर यादी लावली तर अल-जाबेर छेत्रीच्या निम्म्यावरही येत नाही.

आता रकाना भरू. अल-जाबेर १९९४, १९९८, २००२ आणि २००६ असे चार विश्वचषक खेळला आणि त्यांतल्या तीन स्पर्धांत त्याने गोल केले : मोरोक्को, दक्षिण आफ्रिका आणि ट्युनिशियाविरुद्ध. पहिल्या आणि शेवटच्या गोलात १२ वर्षांचे अंतर. तीनपैकी दोन पेनल्टीवर आहेत हेही नोंदवले पाहिजे. माजेदने १९८४ आणि १९८८ असे दोन आशियाई करंडक जिंकले आणि १९८४च्या अंतिम सामन्यात चीनविरुद्ध गोल केला. विश्वचषकात तो १९९४ साली पोहोचला आणि तिथे त्याच्या नावावर गोल नाही. ७२ गोल करणाऱ्याचे विश्वचषकात शून्य, ४६ करणाऱ्याचे तीन.

छेत्रीच्या ९४ पैकी विश्वचषकातले शून्य, कारण भारत तिथे पोहोचलाच नाही. आशियाई करंडकात ४ : २०११ मध्ये बहरीन आणि दक्षिण कोरियाविरुद्ध प्रत्येकी एक, २०१९ मध्ये थायलंडविरुद्ध दोन. २०२४च्या स्पर्धेत शून्य. त्या स्पर्धेत भारताच्या कोणालाच गोल करता आला नाही. म्हणजे आशियातल्या सर्वोच्च स्पर्धेतले गोल एकूण गोलांच्या ४.३ टक्के. शेजारी देशांच्या सॅफ स्पर्धेत त्याचे २३ गोल आहेत, २४.५ टक्के. अंधेरीच्या पाच सामन्यांतले गोल आशियाई करंडकाच्या तीन स्पर्धांतल्या गोलांच्या दुपटीहून अधिक भरतात.

तारखांचा एक योगायोग या फरकाचे माप देतो. १० जून २०१८ रोजी रात्री अंधेरीत छेत्रीने करंडक उचलला. चार दिवसांनी मॉस्कोत विश्वचषकाचा उद्‌घाटनाचा सामना झाला. क्रमवारीत ६७वा असलेला सौदी अरेबिया, म्हणजे भारतापेक्षा ३० पायऱ्या वरचा संघ, रशियाकडून ०-५ने हरला. अंधेरीतल्या यशाच्या वर एक मजला होता आणि त्या मजल्यावरचा संघ आणखी वरच्या मजल्यावर असा कोसळत होता. यजमान रशिया तर क्रमवारीत ७०वा, म्हणजे सौदीच्याही खाली होता.

परदेशी क्लबांबाबत मात्र छेत्री आणि अल-जाबेर यांच्या वह्या सारख्या दिसतात. अल-जाबेर २०००-०१च्या मोसमात इंग्लंडच्या वुल्व्हरहॅम्प्टनकडे उसन्या कराराने गेला. लीगमध्ये गोल शून्य. छेत्री २०१० मध्ये अमेरिकेतल्या कॅन्सस सिटीकडे गेला. लीगचे सामने शून्य. नंतर पोर्तुगालच्या स्पोर्टिंगच्या ‘ब’ संघाकडून ३ सामने. त्याआधी २००९ मध्ये क्वीन्स पार्क रेंजर्सशी करार ठरत असताना ब्रिटनने कामाचा परवाना नाकारला. कारण आकड्याचेच होते : खेळाडूचा देश फिफा क्रमवारीत पहिल्या ७०मध्ये असावा, ही अट. भारत त्या काळात शंभरीच्याही बाहेर होता.

क्लबचा हिशेब मुंबईकडे येतो तो जुलै २०१५ पासून. इंडियन सुपर लीगच्या लिलावात मुंबई सिटी एफसीने छेत्रीवर १ कोटी २० लाख रुपये लावले. मूळ किंमत ८० लाख होती, म्हणजे बोली ५० टक्क्यांनी वर गेली. त्या लिलावातली ती सर्वोच्च रक्कम. दुसऱ्या क्रमांकावर युजीनसन लिंगडोह, १ कोटी ५ लाख, पुण्याच्या संघाकडे. छेत्रीने २०१५च्या मोसमात ११ सामन्यांत ७ गोल केले. गोलामागे खर्च १७ लाख १४ हजार रुपये. २८ ऑक्टोबरला नॉर्थईस्ट युनायटेडविरुद्ध ५-१च्या विजयात त्याने हॅटट्रिक केली. या लीगमधली भारतीय खेळाडूची ती पहिली हॅटट्रिक. घरचे मैदान तेव्हा नेरूळचे डी. वाय. पाटील स्टेडियम होते.

२०१६ मध्ये क्लब अंधेरीत आला आणि छेत्रीचे क्लबसाठीचे गोल शून्यावर आले. ६ सामने, ० गोल. ज्या मैदानावर त्याने भारतासाठी ५ सामन्यांत ९ गोल केले, तेच मैदान घरचे असलेल्या मोसमात घरच्या क्लबसाठी त्याने एकही गोल केला नाही.

अर्थ लावताना दोन गोष्टी पाहाव्या लागतात. एक, तो उशिरा आला. बंगळुरू एफसी त्या वर्षी एएफसी कपच्या अंतिम फेरीत होता. ५ नोव्हेंबर २०१६ रोजी दोह्यात इराकच्या एअर फोर्स क्लबकडून बंगळुरू ०-१ हरला आणि मगच छेत्री मुंबईत दाखल झाला. तोपर्यंत मोसमाचा मोठा भाग होऊन गेला होता. दोन, संघाला त्याच्या गोलांची गरज पडली नाही. २०१५ मध्ये छेत्रीचे ७ गोल होते आणि निकोलस अनेल्काच्या हाताखालचा मुंबई सिटी ८ संघांत सहावा होता. २०१६ मध्ये छेत्रीचे शून्य, आणि दिएगो फोर्लान असलेला, अलेक्झांड्रे गिमारेस यांनी घडवलेला संघ १४ सामन्यांत २३ गुण घेऊन साखळीत पहिला. एका खेळाडूच्या गोलांवरून संघाचे स्थान काढू पाहणाऱ्याने या दोन ओळी आधी वाचाव्यात.

इराकच्या त्या एअर फोर्स क्लबची गाठ मुंबईशी पुढे पडलीच. एप्रिल २०२२ मध्ये मुंबई सिटी पहिल्यांदा आशियाई चॅम्पियन्स लीग खेळली. गटाचे सामने रियाधमध्ये होते. मुंबईने एअर फोर्स क्लबला २-१ने हरवले. या स्पर्धेत भारतीय क्लबचा तो पहिला विजय. विजयी गोल राहुल भेके या मुंबईच्याच बचावपटूचा. गटात २ विजय, १ बरोबरी, ३ पराभव, ७ गुण आणि दुसरे स्थान. त्याच गटात यजमान अल शबाबविरुद्ध मात्र ०-३ आणि ०-६. पुढच्या मोसमात, २०२३-२४ मध्ये, अल हिलालविरुद्ध रियाधमध्ये ०-६ आणि नवी मुंबईत ०-२. दोन सौदी क्लबांविरुद्ध ४ सामने : मुंबईचे गोल ०, खाल्लेले १७. अल-जाबेर ज्या क्लबात वाढला, तो अल हिलाल ६ नोव्हेंबर २०२३ रोजी आला तो डी. वाय. पाटीलवर. अंधेरीत नाही.

छेत्री पाहुणा म्हणून अंधेरीत आला, त्यांतले दोन सामने नोंदवण्याजोगे. १७ मार्च २०१९ रोजी सुपर लीगचा अंतिम सामना अंधेरीत झाला. बंगळुरूने गोव्याला अतिरिक्त वेळेत १-०ने हरवले. छेत्री कर्णधार, त्याचा गोल नाही. गोल पुन्हा राहुल भेकेचा, कॉर्नरवरून, हेडरने. बंगळुरूचे या लीगमधले पहिले विजेतेपद त्या गोलाने आले. दुसरा सामना ७ मार्च २०२३चा, उपांत्य फेरीची पहिली लढत. मुंबई सिटीने साखळीत २० सामन्यांत ४६ गुण मिळवले होते आणि अव्वल स्थान घेतले होते. छेत्री बदली खेळाडू म्हणून उतरला आणि ७८व्या मिनिटाला हेडरने सामन्यातला एकमेव गोल केला. परतीच्या लढतीत मुंबईने २-१ जिंकून एकूण गोलफलक २-२ केला आणि पेनल्टी शूटआऊटमध्ये ८-९ने हार पत्करली. साखळीत ४६ गुण कमावलेला संघ अंधेरीतल्या त्या एका गोलामुळे अंतिम फेरीला मुकला, असे म्हणायला आकडेवारी पुरेशी आहे.

आता प्रेक्षक. १ जून २०१८ रोजी छेत्रीची हॅटट्रिक पाहायला मैदानात २,५६९ लोक होते. दुसऱ्या दिवशी छेत्रीने चित्रफीत प्रसिद्ध केली. आमच्यावर टीका करा, ओरडा, पण मैदानात या, असा तिचा आशय. ४ जूनच्या सामन्याची सगळी तिकिटे गेली आणि सुमारे ९ हजार लोक आले. तीन दिवसांत साडेतीन पट. तो छेत्रीचा १००वा आंतरराष्ट्रीय सामना होता. पाऊस पडत होता, मैदान चिखलाचे झाले होते आणि पहिला गोल ६८व्या मिनिटाला आला. २,५६९ लोकांनी ५ गोल पाहिले होते. साडेतीन पट लोकांनी भिजत बसून ३ पाहिले.

या साडेतीन पटीचे कौतुक पुष्कळ झाले. छेद मात्र तपासला गेला नाही. २०११च्या जनगणनेनुसार मुंबई उपनगर जिल्ह्याची लोकसंख्या ९३ लाख ५७ हजार आहे. अंधेरीचे मैदान भरले तेव्हा तिथे उपनगरातल्या दर १,०४० रहिवाशांमागे एक प्रेक्षक होता. कोलकात्याच्या सॉल्ट लेक मैदानाची क्षमता ६८ हजार आणि कोलकाता महापालिकेची लोकसंख्या ४४ लाख ९७ हजार. दर ६६ रहिवाशांमागे एक आसन. छेत्रीच्या निरोपाला तिथे सुमारे ५९ हजार लोक आले. अंधेरीच्या कमाल गर्दीच्या साडेसहा पट. अंधेरी ‘हाउसफुल्ल’ होणे आणि अंधेरीत गर्दी होणे हे दोन वेगळे आकडे आहेत.

वाहतुकीचा प्रश्न अर्धा सुटलेला होता. घाटकोपरहून वर्सोव्याकडे जाणारी ‘मेट्रो १’ ही मार्गिका जून २०१४ मध्ये सुरू झाली. ११.४ किलोमीटर, १२ स्थानके, आणि आझाद नगर स्थानक संकुलापासून चालण्याच्या अंतरावर. घाटकोपरचा प्रेक्षक अंधेरी स्थानकाचा पूल न चढता पोहोचू शकत होता. मुलुंडकराला घाटकोपरपर्यंत लोकल आणि पुढे मेट्रो. बोरिवलीकराला २०१८ मध्ये लोकलशिवाय किंवा लिंक रोडवरच्या कोंडीशिवाय पर्याय नव्हता. दहिसर ते अंधेरी पश्चिम ही १८.६ किलोमीटरची मेट्रो २अ पूर्ण सुरू झाली ती जानेवारी २०२३ मध्ये. म्हणजे उपांत्य फेरीत छेत्रीने मुंबईविरुद्ध गोल केला, तो पाहायला बोरिवलीकर मेट्रोने येऊ शकत होते. भारतासाठी ८ गोल केले तेव्हा नाही. मेट्रो आल्यावर भारताचे सामने यायला हवे होते. १० जून २०१८ नंतर २०२५ अखेरपर्यंत भारताच्या पुरुष संघाचा एकही सामना अंधेरीत झाला नाही. अहमदाबाद, गुवाहाटी, इम्फाळ, भुवनेश्वर, बंगळुरू, हैदराबाद, शिलाँग, मडगाव यांना सामने मिळाले. दोन सामन्यांमध्ये ६१ वर्षे घालवलेल्या शहराला ७ वर्षे कमीच वाटत असतील.

महाराष्ट्राचा हिशेब थोडा रुंद केला तर आणखी एक आकडा दिसतो. छेत्रीच्या आंतरराष्ट्रीय हॅटट्रिक ४ : २००८ मध्ये दिल्लीत ताजिकिस्तान, ऑक्टोबर २०१० मध्ये पुण्याच्या बालेवाडीत व्हिएतनाम, २०१८ मध्ये अंधेरीत चायनीज तैपेई आणि २०२३ मध्ये बंगळुरूत पाकिस्तान. चारही भारतात, त्यांतल्या दोन महाराष्ट्रात. पुण्याची हॅटट्रिक मिळवली तर राज्यातले गोल किमान १२ होतात, ९४च्या १२.८ टक्के. राज्याने राष्ट्रीय संघाला तेवढ्याच प्रमाणात आघाडीचे खेळाडू दिले का, हे विचारण्यात अर्थ नाही. १९५६च्या मेलबर्न ऑलिम्पिकमध्ये ऑस्ट्रेलियाविरुद्ध हॅटट्रिक आणि स्पर्धेत ४ गोल करणारा नेव्हिल डिसूझा मुंबईत टाटांच्या संघाकडून खेळायचा. त्यानंतरच्या यादीत मुंबईची ओळख गोल करणाऱ्यांपेक्षा गोल अडवणाऱ्यांची अधिक.

छेत्री नसताना काय होते, याचे उत्तर २०२४ने दिले. २०२३ मध्ये भारताने तीन स्पर्धा जिंकल्या, छेत्रीचे गोल ९, आणि जुलैमध्ये क्रमवारीत भारत ९९वा. २०२४ मध्ये ११ सामने, विजय शून्य, ५ बरोबरी, ६ पराभव. ११ सामन्यांत भारताचे गोल ४ : छेत्री (गुवाहाटीत अफगाणिस्तानविरुद्ध, पेनल्टी, १५०वा सामना), लालियानझुआला छांगटे, फारुख चौधरी आणि राहुल भेके. वर्षअखेर क्रमांक सव्वाशेच्या पलीकडे. घसरण छेत्रीच्या निरोपामुळे झाली, हा निष्कर्ष मात्र घाईचा ठरेल. ११ पैकी पहिले ६ सामने त्याच्या निरोपापर्यंतचे आहेत आणि त्या सहांतही भारताने एकच गोल केला. घसरण त्याच्यासह सुरू झाली होती, त्याच्याविना चालू राहिली.

पुनरागमनाचे कारण क्लबच्या आकड्यांत आहे. २०२३-२४च्या लीगमध्ये छेत्रीचे गोल ५ होते. २०२४-२५ मध्ये, चाळिशी पूर्ण झाल्यावर, १४. त्या मोसमात भारतीयांत सर्वाधिक, आणि त्याच्या स्वतःच्या २०१७-१८च्या सर्वोत्तम मोसमाइतकेच. त्या मोसमाअखेर लीगमधले एकूण गोल ७५. त्यांतले ७ मुंबईच्या जर्सीत. भारतीय स्ट्रायकरांच्या यादीत पहिला चाळिशीचा असेल तर प्रशिक्षक त्यालाच बोलावणार. मानोलो मार्केझ यांनी बोलावले.

१९ मार्च २०२५ रोजी शिलाँगमध्ये भारताने मालदीवला ३-०ने हरवले. नोव्हेंबर २०२३ नंतरचा पहिला विजय. तिसरा गोल छेत्रीचा, कारकिर्दीतला ९५वा. दुसरा लिस्टन कोलासोचा. पहिला गोल ३५व्या मिनिटाला, कॉर्नरवरून, हेडरने राहुल भेकेचा. त्याआधीच्या सामन्यात, नोव्हेंबर २०२४ मध्ये मलेशियाविरुद्ध १-१ बरोबरी साधणारा भारताचा एकमेव गोलही भेकेचाच होता. या दोन सलग सामन्यांत भारताचे गोल ४ आणि त्यांतले २ मुंबईच्या एका बचावपटूचे. स्ट्रायकर म्हणून खेळणाऱ्यांत गोल करणारा एकच, आणि त्याचे वय ४०.